वेदांतच्या वाटणीचा दगड

माझ्या नोकरीत एक सवय लागते. काही विपरीत घडलं, की ते त्याच दिवशी, अंगावरचे कपडे बदलण्याआधी, क्रमाने लिहून काढायचं. दुसऱ्या दिवशी प्रत्येक जण स्वतःला शहाणा ठरवत लिहितो. आज शुक्रवार आहे, संध्याकाळचे पाच वाजलेत आणि कुवेतमधल्या फहाहीलच्या घरात जेवणाच्या टेबलाशी बसून मी लिहितो आहे.

मी उल्हास. वय त्रेपन्न. तेलक्षेत्रात कामं घेणाऱ्या एका कंत्राटदाराकडे सेफ्टी ऑफिसर आहे. टाक्यांत आणि गटारांत उतरलेली माणसं जिवंत वर यावीत, एवढं बघायचं. चोवीस वर्षांत माझ्या हाताखालचं एक माणूस दगावलेलं नाही, कारण मी कुणाच्या बोलण्यावर विश्वास ठेवत नाही. मीटरवर ठेवतो.

रुमैथिया भागात आमच्या मराठी लोकांचा 'पेडल परिवार' आहे. बँकेतले, आयटीतले, अकाउंट्समधले. चार इमारती पलीकडून दूध आणायला ही माणसं गाडी काढतात. जुलैत बाहेर एकोणपन्नास डिग्री असतं, म्हणून त्यांनी एका इमारतीचं तळघर घेतलंय आणि त्यात बारा सायकली स्टँडवर ठोकून बसवल्यात. समोर भिंतभर पडदा. पडद्यावर रस्ता चढू लागला की स्टँड आपोआप घट्ट होतो आणि पेडल जड जातं. जागच्या जागी घाम गाळायचा आणि परदेश पाहिल्याचे फोटो ग्रुपवर टाकायचे. गेल्या महिन्यात स्वित्झर्लंड झालं. आज होता 'एक दिवस अँडीजचा: मार्गदर्शकासह वारसास्थळांची सायकल सफर'. मार्गदर्शक म्हणजे मुकेश, वय पस्तीस, बँकेत आयटीत. आयुष्यात तो पेरूला गेलेला नाही. पेरूवरून करायचे ते सगळे विनोद मात्र ग्रुपवर आठवडाभर करून झाले होते.

मी या असल्या बाजारात कधी गेलो नसतो. गेलो तो मंदावहिनींमुळे.

मंदावहिनी माझ्या जुन्या मित्राची बायको. वेदांत हा त्यांचा एकुलता एक मुलगा. जन्म इथला, शाळा इथली. मराठीत विचारावं, "काय रे, जेवलास का?" तर उत्तर "येस, अंकल." इथल्या सगळ्याच पोरांचं असं, आणि आईबाप वर कौतुकाने बघणार. माझ्या घरात मी हे चालू दिलं नाही. घरात इंग्रजीतून बोलायचं नाही, हा माझा नियम; मुलगी पुण्याला शिकायला जाईपर्यंत तिनेही तो पाळला. दोन वर्षांपूर्वी सव्विसाव्या वर्षी वेदांत खरोखरच्या अँडीजमध्ये खरोखरची सायकल चालवायला गेला. दिवसभर चालवली. संध्याकाळी हॉटेलवर आला, घरच्या ग्रुपवर लिहिलं, 'नॉट टायर्ड. जस्ट फाइव्ह मिनिट्स,' आणि पडला. उठलाच नाही. डॉक्टरांनी हृदयाचं काहीतरी लिहून दिलं. त्याचा बाप कुवेत सोडून देवरुखला जाऊन बसला. वहिनी बँकेतली नोकरी धरून इथेच राहिल्या. तेव्हापासून त्या एका रात्री दोन तासांपेक्षा जास्त झोपलेल्या नाहीत, असं रुपाली, माझी बायको, सांगायची.

सामानाबरोबर वेदांतचा हेल्मेटवरचा कॅमेरा परत आला होता. त्यात तो अख्खा दिवस होता. तोच व्हिडिओ मुकेशने कापत पाच तासांवर आणून सायकलींना जोडला होता.

"त्या व्हिडिओत शेवटी एक खिंड आहे," रुपालीने मला सांगितलं. "तिथे दगडांची रास आहे. तिकडची पद्धत आहे म्हणे, चढताना खालून एक दगड न्यायचा आणि खिंडीत ठेवायचा. आपला थकवा तिथे राहतो. सगळ्यांनी ठेवला, वेदांतने ठेवला नाही. वहिनींना तेवढा त्याच्या वाटणीचा दगड ठेवायचाय."

"रुमैथियाच्या तळघरात?"

"हो. तळघरात. तुम्हाला काय त्रास आहे?"

"त्रास काही नाही. दुःखाने माणूस किती बावळट होतो ते बघवत नाही, एवढंच."

"मग बघू नका. तुमचं ते मीटर घेऊन या आणि लोकांची तब्येत बघा. बारा जण तळघरात पाच तास दमणार आहेत."

हे मात्र तिचं बरोबर होतं. बंद जागा, एक जिना, बारा दमलेली माणसं. सकाळी सहाला मी माझं मीटर तपासून घेतलं. हे मुठीएवढं पिवळं यंत्र चिमट्याने खिशाला अडकवायचं असतं. ते हवेतला ऑक्सिजन मोजतं. चांगल्या हवेत आकडा २०.९. एकोणीस पूर्णांक पाचच्या खाली गेला की ते किंचाळतं आणि नियम असा, की काही न विचारता सगळ्यांना बाहेर काढायचं.

सातला पोचलो. खाली सखाराम एसीची जाळी पुसत होता. मालवणकडचा, पन्नाशीचा, अकरा वर्षं कंत्राटावर एकटा राहिलेला माणूस. या इमारतीचे एसी आणि पंखे त्याच्याकडे. मी त्याला हवा बाहेर फेकणारा पंखा सुरू करायला लावला. आकडा पाहिला, २०.९.

बाकीचे दहा जण फोटो काढत होते. गादी लावलेल्या चड्ड्या, काळे चष्मे. तळघरात काळे चष्मे! प्रत्येकाने जर्सीच्या मागच्या खिशात दगड ठेवला होता. कुणी समुद्रावरून उचललेला, कुणी कुंडीतला, एकीने तर फिशटँकमधला निळा. मुकेश म्हणाला, "काका, तुमचा?"

"मी दगड वाहायला आलेलो नाही."

वहिनी जवळ आल्या. बारीक झाल्या होत्या. त्यांनी पिशवीतून तीन दगड काढून दाखवले, तिन्ही जांभ्याचे, देवरुखहून आणलेले. "एक माझा, एक वेदांतचा. हा जास्तीचा आणलाय, भावजी. कुणी विसरलं तर. तुम्ही घ्या ना."

"नंतर बघू."

"आणि तुमची उंची त्याच्याएवढीच आहे. त्याची सायकल तुम्ही घ्याल का? नुसती उभी राहिलेली बघवत नाही."

नाही म्हणवेना. वेदांतची जुनी हिरवी सायकल पहिल्या रांगेत, भिंतीकडे होती. मीटर मी हँडलला अडकवलं.

पडदा उजळला. कुस्कोच्या दगडी गल्ल्या, लाल कौलं, निळं कोरडं आकाश. समोर लोकरीची टोपी घातलेला म्हातारा वाटाड्या सायकलवर आणि त्याच्यामागे कॅमेरा, म्हणजे वेदांत. मुकेशच्या तोंडाचा पट्टा सुरू झाला. "मित्रांनो, आपण आता साक्सायवामानला! हे दगड बघा, एकमेकांत असे बसवलेत की मध्ये पातं जाणार नाही!" मागून "वॉव" आलं. आमच्या गावचा गवंडी असेच दगड बसवायचा; त्याला कुणी कधी वॉव म्हटलं नाही. मग चिंचेरोचं देऊळ, मग मोरायला जमिनीत उतरलेल्या गोल गोल पायऱ्या, एकात एक. मुकेश कागदावरून वाचत होता आणि उच्चारांची वाट लावत होता. मी पेडल मारत होतो आणि मनात म्हणत होतो, ही माणसं काय काय करतील, फक्त खरं काही करणार नाहीत.

मोरायच्या चढावर मला श्वास ऐकू आला.

तरुण माणसाचा, नाकाने घेतलेला, तोंडाने सोडलेला. चढ वाढला की जवळ येणारा. हेल्मेटवरच्या कॅमेऱ्याने तो पकडला असणार, यात नवल काही नव्हतं. पण त्या पोराचा श्वास असा आईला ऐकवणं मला असभ्य वाटलं.

"मुकेश, व्हिडिओचा आवाज कमी कर."

"बंदच आहे, काका. मी बोलतोय ना."

मी मागे पाहिलं. दहा जण तोंड उघडून धापा टाकत होते, जाडे, पन्नाशीतले श्वास. तो त्यांच्यातला नव्हता. शेजारच्या सायकलवरून वहिनी माझ्याकडे बघत होत्या.

"तुम्हालाही येतोय?" त्या हळूच म्हणाल्या.

"एसीचा आहे," मी म्हटलं.

तेवढ्यात मीटर किंचाळलं. १९.४.

मला नियम कुणाला विचारावा लागत नाही; निम्मे नियम मीच लिहिलेत. मी मीटर उचलून जिन्याने वर गेलो. दार उघडताच भट्टीसारखा वारा तोंडावर आला. मशिदीत शुक्रवारचं प्रवचन चालू होतं. तिथे २०.९. खाली आलो, जिन्याच्या पायथ्याशी २०.९. दारापाशी सखारामजवळ २०.९. मागच्या रांगेत रुपालीच्या सायकलपाशी २०.९. मंदावहिनींपाशी २०.९.

वेदांतच्या सायकलपाशी १७.६.

हात लांब केला की आकडा वर जायचा. हँडलवर आणला की खाली यायचा. हवा अशी वागत नाही. खोलीत भिंत नसताना हवेचे दोन भाग होत नाहीत.

"काय झालं, काका?" मुकेशने विचारलं. "ऑक्सिजन संपला का आमचा?" सगळे हसले.

खरं सांगतो, मला लाज वाटली. त्या क्षणी मी सगळ्यांना बाहेर काढायला हवं होतं. कामावर असतो तर काढलं असतं, मागेपुढे न बघता. पण काळे चष्मेवाले ते दहा जण उन्हात उभे राहून माझी टिंगल करणार, संध्याकाळी ग्रुपवर माझं चित्र फिरणार, आणि कारण काय सांगणार? एका सायकलीपुरती हवा विरळ झाली? आणि वहिनी खिंडीपर्यंत पोचल्या नसत्या, हेही होतं. पण ते मला नंतर सुचलं. आधी लाजच वाटली.

"सेन्सर गेलाय," मी म्हटलं, आवाज बंद केला आणि पुन्हा सायकलवर बसलो.

मारासची मिठागरं आली. डोंगराच्या उतारावर हजारो पांढरी खाचरं. आकडा १५.८. माझे हात गार पडले होते. बाकीचे घामाने निथळत होते, मला घाम नव्हता. मी मनाशी ठरवलं, की भिंतीकडच्या एसीचा झोत माझ्यावर आहे. नंतर पाहिलं, तिकडे एसी नव्हताच.

शेवटची चढण पाऊण तासाची होती. स्टँड इतका घट्ट झाला की दोघं उतरून बसले. मंदावहिनी उतरल्या नाहीत. पासष्ट किलोची सायकल चालवल्यासारख्या त्या एकेक पेडल दाबत होत्या, ओठ आवळून. मला त्यांचा राग आला. एवढं कशासाठी? पडद्यावर नुसता उजेड आहे, वहिनी. पोरगं गेलं ते गेलं.

पडद्याच्या कोपऱ्यात आकडा होता, उंची ४३००. खिंड आली. वाऱ्याने पिवळं गवत आडवं पडत होतं आणि मधोमध कमरेएवढी दगडांची रास.

मुकेशने चित्र थांबवलं. सगळे उतरले. पडद्याखाली, जिन्याच्या तोंडाशी, एक लाल सतरंजी अंथरली होती. एकेकाने दगड काढून ठेवला. आधी हसत होते, मग नाही. निळा दगड ठेवणारी बाई उगाचच रडली. रुपालीने ठेवला. वहिनींनी आधी स्वतःचा ठेवला, मग दुसरा दोन्ही हातांनी धरून थोडा वेळ उभ्या राहिल्या आणि ठेवला. वळून त्यांनी तिसरा माझ्यापुढे धरला.

"घ्या ना, भावजी. ठेवून टाका."

"मी दमलोच नाही, वहिनी."

त्यांचा हात तसाच राहिला. मुकेशने व्हिडिओ सुरू केला आणि आता कुणी बोलत नव्हतं म्हणून आवाजही लावला. वाटाड्याने कॅमेऱ्यापुढे हात धरला. हातात दगड होता. तो मोडक्या इंग्रजीत काहीतरी विनवत होता. आणि वेदांतचा हसरा, थोडा तुच्छतेचा आवाज आला, "बट आय ॲम नॉट टायर्ड."

वहिनी माझ्याकडे बघत राहिल्या. मग त्यांनी दगड पिशवीत टाकला, खुर्चीवर बसल्या आणि बसल्या बसल्या झोपल्या. खरंच झोपल्या. तोंड किंचित उघडं, चेहरा पाच वर्षांनी लहान.

अडीच वाजता माणसं पांगली. वहिनींना दोघींनी अर्धवट झोपेतच धरून नेलं. माझ्या तपासणीच्या कागदावर शेवटची ओळ होती, 'कार्यक्रम संपताच वाटेतले सर्व अडथळे हटवणे'. ती मीच लिहिली होती. दगडांचा ढीग जिन्याच्या तोंडाशी होता. मी सखारामला बादली आणायला सांगितली. त्याने आणली आणि माझ्यापुढे ठेवली.

"साहेबांनू, ह्या ढिगाक माका हात लावूक सांगू नकात."

"का? विंचू आहे?"

"आमच्या घाटात असोच ढीग आसा. येणारो-जाणारो दगड ठेवता आणि म्हणता, माझो शीण तुका. ठेवलेलो कोण उचलणा नाय."

"आणि उचलला तर?"

तो मागे सरला. जाळी पुसायचं फडकं घडी करत राहिला.

एका बाजूला आयटीवाले, दुसऱ्या बाजूला हा; दोघांची अक्कल एकाच पातळीवर. मी वाकलो आणि बाराच्या बारा दगड स्वतः बादलीत भरले. जांभ्याचे दोन सगळ्यात शेवटी. बादली उचलली आणि माझा तोल गेला, कारण तिला वजनच नव्हतं. दोन बोटांनी उचलली जात होती. दगड आत दिसत होते, एकमेकांवर वाजत होते, पण बादली रिकामीसारखी.

जिना चौदा पायऱ्यांचा आहे. मी तीनदा थांबलो.

मागच्या गल्लीतल्या कचऱ्याच्या लोखंडी पेटीत बादली उलटी केली. दगड तळाशी पडले तेव्हा मोठा आवाज झाला. दगडाला व्हायला हवा तेवढाच.

गाडी रुपालीने चालवली. सिग्नलला तिने माझ्याकडे पाहिलं. "तुमचे ओठ असे निळे काय दिसतायत?"

"तळघरात गार होतं."

घरी आल्यावर मीटर टेबलावर ठेवलं. २०.९. सेन्सर ठीक होता. शर्टाच्या खिशाला अडकवलं. १२.२.

काढून टेबलावर ठेवलं, २०.९. रुपालीच्या ओढणीला लावून पाहिलं, २०.९. ती हसली. "आता मलाही टाकीत उतरायचं परमिट देताय का?" परत माझ्या खिशाला लावलं. १२.२.

मी कागद घेऊन हिशेब मांडला. दोनदा मांडला. समुद्रसपाटीपासून चार हजार तीनशे मीटरवर हवा जेवढी विरळ असते, तेवढ्या हवेत हे यंत्र बारा पूर्णांक दोन दाखवेल.

सखारामला फोन केला. पेटीतले दगड काढून ठेव, मी येतो, असं सांगितलं. सांगताना मला स्वतःचीच किळस आली.

"पालिकेची गाडी येवन गेली, साहेबांनू," तो म्हणाला. "दम लागता काय तुमका?"

"नाही."

"तुमी आज निजू नकात."

मी फोन ठेवला. वहिनींच्या पिशवीत अजून एक दगड आहे, हे मला आठवलं. रुपालीने त्यांच्या शेजारणीला फोन लावला. वहिनी घरी जाऊन जी झोपल्या आहेत त्या अजून झोपल्या आहेत, शेजारीण म्हणाली, दोन वर्षांत पहिल्यांदा. "उठवायला सांगू का? काही काम होतं?" रुपालीने फोनवर हात धरून विचारलं.

एक दगड मागायला त्या बाईला उठवायचं. त्या उठल्या असत्या, एक शब्द न बोलता दिला असता. कुठे ठेवणार होतो, तेही मला माहीत नव्हतं. "नको," मी म्हटलं. यात दया किती आणि ऐट किती, ते मला सांगता येणार नाही.

इथवर लिहून झालं. अक्षर पहिल्या पानासारखं राहिलेलं नाही. मी आजवर ज्यांना ज्यांना हसलो, त्यांच्यातल्या कुणाच्याही हातून आज चूक झाली नाही. खिशावर आकडा ११.६ आहे. मगाशी ११.९ होता.

श्वास पुन्हा ऐकू येतो आहे. नाकाने घेतलेला, तोंडाने सोडलेला. मी माझा रोखून पाहिला. तो थांबला.

रुपाली आत्ता दारात आली. "किती वेळ लिहिताय? चेहरा बघा जरा. जाऊन पडा थोडं."

मी मान हलवली. नको, एवढंच मला म्हणायचं होतं, आणि तेवढंच म्हणालो, असं मला वाटलं.

"पाच मिनिटं कशाला, चांगले तासभर पडा," ती हसून म्हणाली. "आणि हे पोरांसारखं इंग्रजीत काय उत्तर देताय?"

मग ती खोलीत गेली आणि मला झोप लागावी म्हणून पडदे ओढू लागली.